तिरी चोविसाव्या वर्षी भारतात का आला आणि इथेच का टिकला

आयएसएलमध्ये, म्हणजे इंडियन सुपर लीगमध्ये, येणारा युरोपियन फुटबॉलपटू म्हणजे कारकीर्द संपत आलेला, निवृत्तीआधी चार पैसे गाठीला बांधायला आलेला माणूस, असा एक समज आपल्याकडे घट्ट बसला आहे. तो उगाच बसलेला नाही. २०१४ मध्ये ही स्पर्धा सुरू झाली तीच मोठ्या नावांच्या जोरावर. पुण्यात दाविद त्रेझेगे आला, मुंबईत निकोला आनेल्का, गोव्यात रॉबेर पिरेस, दिल्लीत अलेस्सांद्रो देल पिएरो. २०१० च्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात स्पेनचा लेफ्ट-बॅक असलेला जोआन काप्देविला नॉर्थईस्ट युनायटेडकडून खेळला, तेव्हा तो ३६ वर्षांचा होता. त्याच विश्वविजेत्या चमूतला बचावपटू कार्लोस मार्चेना २०१५ मध्ये केरळकडे आला आणि फार काळ राहिला नाही.

त्याच २०१५ मध्ये आणखी एक स्पॅनिश बचावपटू कोलकात्यात उतरला. नाव होसे लुइस एस्पिनोसा अरोयो. फुटबॉलच्या जगात तो 'तिरी' एवढ्याच नावाने ओळखला जातो. वय २४. सेंटर-बॅकच्या, म्हणजे बचावफळीच्या मधोमध खेळणाऱ्याच्या, दृष्टीने हे वय कोवळंच. या जागेवरचा खेळाडू साधारण सव्विसाव्या-सत्ताविसाव्या वर्षी पिकतो आणि शरीराने साथ दिली तर पस्तिशीपर्यंत खेळतो. म्हणजे कारकिर्दीची ऐन वर्षं पुढे असताना तो स्पेन सोडून आला. कोलकाता, जमशेदपूर, पुन्हा कोलकाता आणि मग मुंबई असा त्याचा प्रवास झाला. तो का आला आणि का टिकला हे समजलं, की परदेशात खेळणाऱ्या शेकडो स्पॅनिश खेळाडूंचं गणित आपोआप उलगडतं.

सुरुवात स्पेनमधल्या शिडीपासून करावी लागेल. तिथे व्यावसायिक म्हणाव्यात अशा लीग दोनच. ला लीगामध्ये २० संघ आणि दुसऱ्या स्तरावर, सेगुंदा दिव्हिसिओनमध्ये, २२. एकूण ४२. त्याखालच्या तिसऱ्या स्तराचं नाव त्या काळी 'सेगुंदा बी' होतं आणि त्यात चार गटांत मिळून तब्बल ८० संघ खेळायचे. म्हणजे वरच्या दोन्ही स्तरांत मिळून जितके संघ, त्याच्या जवळपास दुप्पट संघ एकट्या तिसऱ्या स्तरावर. स्पेनमधल्या अकादमी दरवर्षी शेकडो उत्तम मुलं घडवतात. त्यातली बहुतेक या ८० संघांच्या गर्दीत येऊन अडकतात. तिथला खेळ चांगला असतो, पण पैसा आणि प्रसिद्धी एकदम आटते.

दुसरी गोष्ट, जी आपल्याकडच्या प्रेक्षकांना फारशी माहीत नसते, ती म्हणजे 'बी' संघ. स्पेनमध्ये मोठ्या क्लबांचे राखीव संघ वेगळ्या स्पर्धेत खेळत नाहीत. ते याच शिडीवर, बाकीच्या क्लबांशी भिडतात. अट एकच, बी संघ मुख्य संघाच्या स्तरावर कधीही चढू शकत नाही. खाली मात्र घसरू शकतो. तिरी काडिझ प्रांतातल्या लॉस बारिओसचा, स्पेनच्या दक्षिण टोकाचा, जिब्राल्टरच्या शेजारचा. तो अ‍ॅटलेटिको माद्रिदच्या बी संघापर्यंत पोहोचला. हे छोटं यश नव्हे. पण वर कोण होतं ते पाहा. दिएगो सिमेओनेच्या अ‍ॅटलेटिकोने २०१३-१४ मध्ये बार्सिलोना आणि रिअल माद्रिदला मागे टाकून ला लीगा जिंकली, ती बचावाच्या बळावर. मध्यभागी दिएगो गोदिन आणि मिरांडा. त्यांच्यामागे उरुग्वेहून आणलेला होसे मारिया हिमेनेझ, जो तिरीपेक्षा साडेतीन वर्षांनी लहान. स्ट्रायकर दमला की त्याच्या जागी शेवटच्या वीस मिनिटांसाठी नवा मुलगा उतरवता येतो. सेंटर-बॅकला सहसा कोणी बदलत नाही. त्यामुळे त्या जागेवर संधीच कमी निर्माण होते.

त्यात वयाची अट. बी संघात नोंदलेला खेळाडू तेवीस वर्षांखालचा असेल, तर गरज पडल्यावर त्याला मुख्य संघातून खेळवता येतं. वय उलटलं की ही सोय संपते. बी संघात राहण्याचा मुख्य फायदाच तो असल्याने मग तिथे थांबण्यात अर्थ उरत नाही. २०१५ च्या उन्हाळ्यात तिरीच्या बाबतीत दोन गोष्टी एकत्र घडल्या. त्याला चोवीस वर्षं पूर्ण झाली, आणि अ‍ॅटलेटिकोचा बी संघ तिसऱ्या स्तरावरून चौथ्या स्तरावर घसरला.

आता कोलकाताच का, हा प्रश्न. इथे एक व्यावसायिक नातं कामी आलं. आयएसएलच्या पहिल्या संघांपैकी अ‍ॅटलेटिको दे कोलकाता या क्लबमध्ये अ‍ॅटलेटिको माद्रिदची भागीदारी होती. संजीव गोयंका, सौरव गांगुली ही भारतीय मालकांतली ठळक नावं. तांबडे-पांढरे पट्टेही माद्रिदचेच. प्रशिक्षक स्पॅनिश, आंतोनिओ लोपेझ आबास. या संघाने पहिलाच चषक डिसेंबर २०१४ मध्ये नवी मुंबईच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर केरळला १-० ने हरवून जिंकला. अशा क्लबला परवडणारा, शिकलेला, प्रशिक्षकाची भाषा बोलणारा सेंटर-बॅक हवा असेल, तर तो माद्रिदच्या बी संघात मिळणार हे ओघानेच आलं. फुटबॉलमधल्या बदल्यांकडे आपण केवळ गुणवत्तेचा निकाल म्हणून पाहतो. प्रत्यक्षात पहिलं दार बहुतेक वेळा ओळखीतून उघडतं. गुणवत्तेची कसोटी त्यानंतर लागते.

कागदपत्रांची बाजूही थोडी समजून घेऊ. खेळाडू एका देशाच्या फुटबॉल संघटनेकडून दुसऱ्या देशात जातो तेव्हा जुन्या संघटनेने आंतरराष्ट्रीय बदली प्रमाणपत्र द्यावं लागतं. ते नव्या संघटनेकडे पोहोचेपर्यंत त्याला अधिकृत सामना खेळता येत नाही. याशिवाय फिफाचा प्रशिक्षण भरपाईचा नियम आहे. तरुण खेळाडू परदेशी क्लबकडे गेला, तर ज्या क्लबांनी त्याला घडवलं त्यांना नव्या क्लबने ठरावीक रक्कम द्यायची. नियम चांगला आहे, छोट्या क्लबांना त्याचाच आधार. पण ही भरपाई तेविसाव्या वाढदिवसाच्या आसपासच्या मुदतीपर्यंतच लागू असते. नंतर नाही. म्हणजे चोवीस वर्षांचा, करार संपलेला खेळाडू घेणं हे बाविशीतल्या खेळाडूला घेण्यापेक्षा परदेशी क्लबला पुष्कळ सोपं पडतं. स्पेनमध्ये ज्या वयात दार बंद होतं, त्याच वयात बाहेरचं दार उघडतं. ही सांगड मला या सगळ्या व्यवस्थेतली सर्वांत महत्त्वाची गोष्ट वाटते, आणि तिच्याबद्दल फार कमी लिहिलं जातं.

आयएसएल तेव्हा जेमतेम अडीच महिन्यांची होती, ऑक्टोबर ते डिसेंबर. उरलेलं वर्ष काय करायचं? परदेशी खेळाडू मायदेशी जाऊन एखादा क्लब गाठायचे. तिरीने मधला काळ मार्बेया या तिसऱ्या स्तरावरच्या स्पॅनिश क्लबकडून खेळून काढला आणि २०१६ मध्ये पुन्हा कोलकात्याला आला. आता प्रशिक्षक होते होसे मोलिना, अ‍ॅटलेटिको माद्रिदचेच एकेकाळचे गोलरक्षक. १८ डिसेंबर २०१६ ला कोचीत केरळविरुद्धचा अंतिम सामना १-१ असा सुटला आणि कोलकात्याने पेनल्टींवर ४-३ ने चषक जिंकला. तिरीच्या नावावर पहिलं विजेतेपद लागलं.

२०१७-१८ पासून स्पर्धा लांबली. दहा संघ, प्रत्येकी १८ साखळी सामने, नोव्हेंबर ते मार्च. ही लांबी वाढल्यावरच भारतात खेळणं हा परदेशी खेळाडूसाठी पूर्णवेळचा पेशा झाला. तिरी टाटा स्टीलच्या नव्या जमशेदपूर संघात गेला आणि तीन हंगाम राहिला. इंग्लिश प्रशिक्षक स्टीव्ह कॉपेल यांच्या हाताखाली या नवख्या संघाचे पहिले तीनही सामने ०-० असे सुटले. प्रेक्षकाला असे निकाल कंटाळवाणे वाटतात. बचावपटूच्या हिशेबात मात्र ती तीन परीक्षांतली तीन उत्तीर्ण पत्रं असतात.

आता टिकण्याचा भाग. २०१४ मध्ये आयएसएलच्या संघाला एकाच वेळी मैदानावर सहा परदेशी खेळवता यायचे. २०१७-१८ पासून पाच आणि २०२१-२२ पासून चार. भारतीय खेळाडूंना जास्त वेळ मिळावा म्हणून हे केलं गेलं आणि ते योग्यच झालं. परदेशी खेळाडूच्या बाजूने पाहिलं तर दर काही वर्षांनी त्याची एकेक खुर्ची काढून घेतली जात होती. चारच जागा असतील तर प्रशिक्षक त्या कुठे वापरेल? गोल करणारा एक, गोल घडवणारा एक, मधल्या फळीत चेंडू सांभाळणारा एक. उरलेली एक जागा बहुतेक क्लब सेंटर-बॅकला देतात. म्हणजे संघात परदेशी सेंटर-बॅकची जागा अनेकदा एकच. ती एक जागा वर्षानुवर्षं मिळवत राहणं हे तिरीने केलं.

ती त्याला का मिळत राहिली, यासाठी सेंटर-बॅक नेमकं काय करतो ते पाहायला हवं. आपण टीव्हीवर त्याचं टॅकल पाहतो, हेडर पाहतो. तो खेळाचा छोटा हिस्सा झाला. खरं काम म्हणजे जागा घेणं. चेंडू उजवीकडे असताना डावीकडच्या बचावपटूने किती आत सरकायचं, सगळी फळी कधी वर चढवायची म्हणजे समोरचा स्ट्रायकर ऑफसाइडमध्ये सापडेल, कधी मागे हटायचं, हे सतत ठरवत राहायचं आणि ओरडून सांगत राहायचं. क्रिकेटमधल्या यष्टीरक्षकासारखी त्याची नजर सगळ्या मैदानावर असते. चांगला सेंटर-बॅक आधीच योग्य जागी उभा असल्याने त्याला घसरून टॅकल करायची वेळ कमी येते, आणि म्हणून तो डोळ्यात भरत नाही.

स्पॅनिश घडणीत याला आणखी एक जोड मिळते. तिथल्या मुलांना लहानपणापासून मागून चेंडू खेळवत आणायला शिकवतात. समोरचा अंगावर येत असताना घाबरून चेंडू उंच भिरकावण्याऐवजी मधल्या फळीतल्या मोकळ्या माणसाला पास द्यायचा. दिसायला सोपं. चुकलं तर थेट गोल. आयएसएलमध्ये आबास, मोलिना, सेर्खिओ लोबेरा, हुआन फेर्रांदो, मानोलो मार्केझ असे एकामागून एक स्पॅनिश प्रशिक्षक आले. त्यांतल्या बहुतेकांना आपल्या खेळाची सुरुवात करून देणारा असा माणूस मागे हवाच होता. आबास यांचा कल बचाव घट्ट ठेवण्याकडे, लोबेरांचा चेंडू ताब्यात ठेवण्याकडे. दोन्ही पद्धतींत स्पॅनिश सेंटर-बॅक बसतो.

शिवाय शेजारी भारतीय जोडीदार असतो. जमशेदपूरमध्ये अनस एडातोडिका, कोलकात्यात संदेश झिंगन, मुंबईत मेहताब सिंग. तिघेही भारताकडून खेळलेले. परदेशी सेंटर-बॅकच्या मोबदल्यात क्लबला काय मिळतं याचा हिशेब करताना हा भाग विसरला जातो. रोजच्या सरावात त्याच्या बाजूला उभं राहून जागा घेणं शिकलेले भारतीय बचावपटू ही मागे राहणारी कमाई आहे.

२०२० मध्ये तिरी कोलकात्याला परतला, तेव्हा एटीके (अ‍ॅटलेटिको दे कोलकाताचंच नंतरचं नाव) आणि मोहन बागान यांचं एकत्रीकरण होऊन एटीके मोहन बागान हा संघ झाला होता. कोरोनामुळे २०२०-२१ चा पूर्ण हंगाम गोव्यात, प्रेक्षकांविना खेळला गेला. फातोर्डा, बांबोळी आणि वास्कोचं टिळक मैदान अशी तीन मैदानं. तिरी आणि झिंगन यांच्या जोडीमागे या संघाने साखळीतल्या २० सामन्यांत फक्त १५ गोल खाल्ले. साखळी संपली तेव्हा मुंबई सिटी आणि ते, दोघांचे गुण ४०. शेवटच्या सामन्यात मुंबईने त्यांना २-० ने हरवलं आणि लीग शील्ड, म्हणजे साखळीत पहिला येणाऱ्या संघाचं बक्षीस, नेली.

मग १३ मार्च २०२१ चा फातोर्ड्यावरचा अंतिम सामना, पुन्हा मुंबईशीच. १८ व्या मिनिटाला डेव्हिड विल्यम्सने कोलकात्याला पुढे नेलं. २९ व्या मिनिटाला अहमद जाहूने स्वतःच्या अर्ध्या मैदानातून लांब चेंडू टाकला. तिरी मागे धावत गेला आणि डोक्याने चेंडू अडवायला उडी मारली. गोलरक्षक अरिंदम भट्टाचार्य पुढे आला होता. चेंडू त्याच्या डोक्यावरून स्वतःच्याच जाळ्यात. ९० व्या मिनिटाला बिपिन सिंगने गोल केला आणि मुंबई २-१ ने विजेती ठरली.

स्वयंगोल पाहून आपण बचावपटूला वेड्यात काढतो. पण हे गोल होतात कसे? मागे पडलेल्या चेंडूकडे धावताना बचावपटूचं तोंड स्वतःच्या गोलकडे असतं. चेंडू सोडला तर मागचा आक्रमक पोहोचणार. अडवायचा तर स्पर्श गोलच्याच दिशेने होणार. गोलरक्षक थांबला आहे की पुढे निघाला आहे, हे मान वळवून पाहायला वेळ नसतो. निर्णय क्षणात घ्यावा लागतो आणि दोन्ही निर्णय धोक्याचे असतात. स्ट्रायकरने पाच संधी दवडून सहावीवर गोल केला तर तो सामन्याचा नायक. बचावपटूने चाळीस वेळा बरोबर करून एकदा चूक केली तर लोकांच्या लक्षात तेवढंच राहतं. २० सामन्यांत १५ गोल हा आकडा मला त्या स्वयंगोलापेक्षा खूप मोठा वाटतो.

याहून कठीण पुढे होतं. १८ मे २०२२ ला कोलकात्यात आशियाई क्लबांच्या एएफसी कपमध्ये गोकुलम केरळविरुद्ध तिरीच्या गुडघ्याचा एसीएल फाटला. तो बाहेर गेल्यावर संघाचा बचाव कोसळला आणि सामना २-४ असा गमावला. एसीएल म्हणजे गुडघ्याच्या आत मांडीचं हाड आणि नडगीचं हाड यांना बांधणारा अस्थिबंध. पाय रोवून शरीर वळवताना नडगी पुढे सरकू नये, हे तो पाहतो. बचावपटूचं तर अर्धं आयुष्य याच हालचालीत जातं. पुढे तोंड करून मागे सरकायचं आणि अचानक गर्रकन वळून धावायचं. फाटलेला एसीएल बहुधा शरीरातलाच दुसरा स्नायुबंध वापरून नव्याने बसवतात आणि मैदानावर परतायला साधारण नऊ महिने किंवा जास्त लागतात. पुढच्या आयएसएल हंगामाचा जवळजवळ सगळा काळ तिरीचा बाहेरच गेला. त्याच हंगामात त्याच्या संघाने चषक जिंकला. जखमी परदेशी खेळाडूची नोंदणी काढून त्याच्या जागी दुसरा आणण्याची मुभा क्लबला असते. एकतिशीतला, गुडघ्याची शस्त्रक्रिया झालेला, एका-एका जागेसाठी झगडणारा परदेशी. इथे अनेक कारकिर्दी संपतात.

२०२३ मध्ये मुंबई सिटीने त्याला घेतलं. अनेक हंगाम मुंबईच्या बचावाचा खांब असलेला सेनेगलचा मुर्तदा फॉल ओदिशाला गेला होता आणि नेमकी तीच जागा रिकामी होती. त्या वर्षी मुंबई आशियातल्या सर्वोच्च क्लब स्पर्धेत, एएफसी चॅम्पियन्स लीगमध्ये खेळली. इराणच्या नसाजीविरुद्धचा घरचा सामना पुण्यात बालेवाडीला, सौदीच्या अल-हिलालविरुद्धचा डी. वाय. पाटीलवर. सहाही सामने मुंबईने गमावले. आयएसएलमध्ये मधेच प्रशिक्षक बदलले, डेस बकिंगहॅम इंग्लंडला गेले आणि पेत्र क्रात्की आले. साखळीच्या शेवटच्या सामन्यात मोहन बागानने मुंबईला २-१ ने हरवून शील्ड हिसकावली, ४८ गुण विरुद्ध ४७. तीन वर्षांपूर्वी तिरीने हेच दुसऱ्या बाजूने अनुभवलं होतं. ४ मे २०२४ ला सॉल्ट लेकच्या मैदानावर, मोहन बागानच्याच प्रेक्षकांसमोर, अंतिम सामना मुंबईने ३-१ असा जिंकला. कप्तान होता आपल्या मुंबईचाच बचावपटू राहुल भेके.

या वाटेवर तिरी एकटा नाही. बास्क प्रदेशातला ओदेई ओनाइंदिया आधी हैदराबादकडून खेळला आणि नंतर एफसी गोवाकडे आला. इव्हान गोन्झालेस गोव्याच्या त्या संघात होता, ज्याने एप्रिल २०२१ मध्ये आशियाई चॅम्पियन्स लीगच्या गटफेरीत भारताकडून पहिल्यांदा पाऊल ठेवलं आणि अल-रय्यान, अल-वहदा यांना ०-० वर रोखलं. कार्लोस पेन्या २०१८ मध्ये गोव्यात आला तो पस्तिशीचा, म्हणजे सुरुवातीला सांगितलेल्या समजात अगदी बसणारा. पण त्याने २०१९ चा सुपर कप आणि पुढच्या हंगामात लीग शील्ड जिंकली, खेळणं थांबवलं आणि २०२२-२३ मध्ये त्याच क्लबचा प्रशिक्षक म्हणून परतला.

या कारकिर्दींची कमकुवत बाजू करारात आहे. परदेशी खेळाडूंचे करार बहुधा एक-दोन हंगामांचे असतात. जुलै २०२५ मध्ये आयएसएल चालवणाऱ्या कंपनीने पुढचा हंगाम थांबवत असल्याचं क्लबांना कळवलं, कारण भारतीय फुटबॉल महासंघाबरोबरचा तिचा हक्कांचा करार डिसेंबरमध्ये संपत होता. स्पर्धाच नसेल तर क्लबला खेळाडूची गरज नाही, आणि खेळाडूची बदलीची खिडकी मात्र इतर देशांत बंद होत जाते. अशा वेळी फिफाचा एक नियम खेळाडूच्या बाजूने उभा राहतो. क्लबने किमान दोन महिन्यांचं वेतन थकवलं, तर खेळाडूने लेखी नोटीस देऊन १५ दिवसांची मुदत द्यायची. तरीही पैसे आले नाहीत तर त्याला करार मोडून दुसरीकडे जाता येतं आणि भरपाईही मागता येते.